खिडकीजवळच्या चोवीस जणी

देवभान्याच्या थांब्यावर गाडी उभी राहिली, उतरणारे उतरले, चढणारे चढले, आणि डबल घंटी द्यायच्या ऐवजी कंडक्टर संघमित्रा बैसाणेने खांद्यावरच्या पिशवीतून वहीएवढा एक फोटो काढून डोक्याच्या वर धरला.

"ही बाई कोणी ओळखतं का?"

भरलेल्या एसटीतल्या माना वळल्या. फोटोत एक म्हातारी खिडकीचा गज मुठीत धरून हसत होती. हसताना तिचा पदर मागे घसरला होता आणि त्याचं तिला भान नव्हतं.

"हरवनी का वं मास्तरीन?" मागच्या बाकावरून एका आजोबांनी विचारलं.

"हरवली नाही, आबा. मलाच सापडत नाहीये."

पुढून ड्रायव्हर अभिमनभाऊ आरशातून बघत होते. "बैसाणे मॅडम, ही बस आहे की पोलीस चौकी? चार मिनिटं उशीर झालाय."

तेवढ्यात दारात उभ्या असलेल्या एका बाईने फोटो जवळ ओढला आणि ती किंचाळलीच. "हाई तं बेबाबाई शे! लीलाधर नानानी! आमनाच गावनी!"

संघमित्राने फोटो परत पिशवीत टाकला. तिने त्या बाईच्या हातात चिठ्ठी कोंबली, उद्या दुपारच्या गाडीला बेबाबाईला थांब्यावर घेऊन या, असं तीनदा बजावलं आणि दोरी दोनदा ओढली. गाडी हलली. चोवीसपैकी पहिली सापडली होती आणि हातात बारा दिवस होते.

हे बारा दिवस कसे आले, ते सांगायचं तर जरा मागे जावं लागेल.

संघमित्रा सोनगीरची. वडील आधार बैसाणे मजुरीला जायचे. महामार्ग चौपदरी झाला तेव्हा त्या कामावर त्यांनी दोन उन्हाळे खडी टाकली. आई कलाबाई शेतात निंदणीला. पोरगी शिकली, बारावी झाली आणि वाहकाच्या भरतीत लागली. खाकी कपडे घालून पहिल्यांदा घरी आली तेव्हा आधारभाऊ अंगणात उभे राहिले आणि गल्लीतून जाणाऱ्या-येणाऱ्याला थांबवून "चहा घ्या, चहा घ्या" करत राहिले. लग्न झालं बुद्धभूषणशी. तो नरडाण्याच्या एमआयडीसीत मशीनवर कामाला होता, घर धुळ्यात. आडनाव तिने नोकरीत होतं तेच ठेवलं.

फोटोचा नाद लागला तो बायकांना अर्धं तिकीट झालं तेव्हा. त्या मार्चमध्ये तिच्या धुळे–नरडाणा गाडीचं रूपच पालटलं. आधी दुपारच्या फेरीला गाडीत निम्म्याहून जास्त पुरुष असायचे. आता बायका अशा चढायला लागल्या की बघतच राहावं. पहिल्या आठवड्यात त्या घोळक्याने यायच्या, एकमेकींचे हात धरून, आणि गाडी कुठे जाते ते चौघी चौघींना विचारायच्या. उन्हाळा सरेपर्यंत दोघी-दोघी यायला लागल्या. दिवाळीनंतर एकट्या. माहेरी जाणाऱ्या, डोळे तपासायला जाणाऱ्या, बँकेत जाणाऱ्या, आणि काहीच काम नसताना नुसत्या धुळ्याला जाऊन बांगड्या बघून परत येणाऱ्यासुद्धा. फलाटावर गाडी लागली की धावत येऊन आधी खिडकी पकडायच्या. खिडकीशी बसलेल्या बाईचं तोंड वेगळंच दिसायचं. घरी चुलीपाशी, वावरात, दवाखान्याच्या रांगेत जे तोंड असतं ते हे नव्हे. संघमित्राला वाटलं, हे आपण रोज बघतोय आणि हे कोणीच लिहून ठेवणार नाही.

तिने मोबाईलवर पाच-सहा फोटो काढले आणि ते घेऊन रहीमभाईंकडे गेली. रहीमभाईंचा स्टँडजवळच्या गल्लीत फोटो स्टुडिओ. चाळीस वर्षं त्यांनी लग्नं काढली, पासपोर्ट फोटो काढले. लोकांना आता ड्रोन हवा असतो म्हणून लग्नांचं काम त्यांनी सोडून दिलं होतं, आणि दुकानाचा संगणक त्यांची मुलगी अर्शी सांभाळायची. चष्मा कपाळावर सरकवून त्यांनी मोबाईल डोळ्यांजवळ नेला.

"बेटा, हा कशाचा फोटो आहे?"

"बाईचा."

"बाई कुठंय? ही खिडकी आहे. हा सळईचा फोटो आहे, उजेडाचा आहे, बाई त्यात चुकून आलीय. तू घाबरून लांबून काढलास. जवळ जा. आधी बोल तिच्याशी. ती तुला विसरली की मग काढ."

आणि आतल्या कपाटातून त्यांनी स्वतःचा जुना कॅमेरा काढून तिच्यासमोर ठेवला. "माझे हात आता थरथरतात. तू वापर. बिघडला तर मी दुरुस्त करीन, पण वापरला नाहीस तर परत घेईन."

संघमित्राने स्वतःला नियम घालून घेतले. चालत्या गाडीत कॅमेऱ्याला हात लावायचा नाही. गाडी धुळ्याच्या फलाटावर लागलेली असताना किंवा नरडाण्याला उभी असताना, आपला आराम चालू असेल तेव्हाच. विचारल्याशिवाय काढायचा नाही. आणि फोटो छापून आला की पुढच्या फेरीला जिचा तिला द्यायचा. अभिमनभाऊंना हे सगळं रिकामटेकडं वाटायचं. "आपण माणसं पोहोचवायची, मॅडम. माणसांची चित्रं पोहोचवायची नाहीत," असं ते पहिल्या महिन्यात म्हणाले. दुसऱ्या महिन्यात एकदा फलाटावर त्यांनीच खालून हाक मारली, "अहो, त्या मागच्या खिडकीत बघा, लवकर, उजेड जाईल!"

अडीच वर्षं अशी गेली. अर्शीच्या संगणकात सातशेवर फोटो जमले. एक दिवस अर्शीने पुण्याच्या एका संस्थेची जाहिरात दाखवली. गावोगावच्या रोजच्या जगण्याचे फोटो मागवले होते. दोघींनी दुकानाच्या आतल्या खोलीत बसून, भांडून, पुन्हा भांडून चोवीस निवडले आणि पाठवून दिले.

दीड महिन्याने फोन आला तेव्हा संघमित्रा नरडाण्याला डबा खात होती. पलीकडून एक बाई फार भराभर बोलत होत्या. फोटो निवडले गेलेत, सगळेच्या सगळे. पहिलं प्रदर्शन तुमच्याच जिल्ह्यात करायचंय, धुळ्यात एखादं सभागृह बघतो.

"सभागृह नको," संघमित्रा घास गिळून म्हणाली. आपण असं बोललो याचं तिलाच नवल वाटलं. "सभागृहात माझ्या बायका येणार नाहीत. स्टँडवर करा. फलाटावरच्या भिंतीवर. तिथं त्या येतातच."

पलीकडून हसण्याचा आवाज. "छान! परवानगी मिळवायचं बघू आम्ही. पण एक अट आहे. फोटोत ज्यांचे चेहरे ओळखू येतात त्या प्रत्येकीची लेखी संमती हवी. बारा दिवसांत."

चोवीस बायका! संघमित्राला त्यांचे थांबे माहीत होते, पिशव्या माहीत होत्या, कोणाचा गुडघा दुखतो आणि कोणाचा जावई दारू सोडतोय तेही माहीत होतं. नावं मात्र नऊ जणींचीच माहीत होती. अडीच वर्षांत निम्म्या जणी कुठून कुठे गेल्या असतील! त्या दुपारी तिने अर्धवट डबा तसाच बंद केला आणि गाडीत चढणाऱ्या प्रत्येकीचं तोंड ती नव्याने बघायला लागली.

तर बेबाबाई. दुसऱ्या दिवशी देवभान्याच्या थांब्यावर ती एकटी नव्हती, सोबत सात-आठ जणी होत्या. संघमित्रा फोटो घेऊन खाली उतरली. पहिली प्रत तिने तेव्हाच दिली होती, पण ती हातातून कुठे गेली कोण जाणे. बेबाबाईने तो फोटो आता प्रथमच बघावा तसा धरला, लांब धरला, जवळ धरला.

"हाई कोन शे?"

"तूच शे, माय."

"मी? खोटं नको बोलू वं पोरी. मन्हं तोंड इतलं कव्हय हासस?"

सगळ्या जणी खिदळल्या. एकीने फोटोतल्या कानातल्या फुल्यांवर बोट ठेवलं, मग बेबाबाईच्या कानावर. मग कुठे तिची खात्री पटली. ती गंभीर झाली.

"कथा लावशी हाऊ फोटू?"

"धुळाले, स्टँडवर. मोठा करीसन."

"मंग बठ्ठा लोक देखतीन?"

"हो. तू नको म्हणशी तं नही लावसू."

बेबाबाईने पदर डोक्यावर नीट ओढला, फोटोतल्या उघड्या डोक्याकडे पुन्हा एकदा पाहिलं. गाडीतले लोक खिडक्यांतून वाकून बघत होते. अभिमनभाऊंचा हात हॉर्नवर होता, पण त्यांनी तो वाजवला नाही.

"देखू दे," बेबाबाई म्हणाली. "कागद कथा शे?"

कागद एसटीच्या पत्र्यावर टेकवून तिने सही केली. तिच्या नातीने तिला नाव लिहायला शिकवलं होतं आणि ते सगळ्यांसमोर लिहायची वेळ तिच्यावर पहिल्यांदाच आली होती. 'बे' काढला, थांबली. 'बा' काढला. पुढच्या 'बा'ला काना द्यायचा राहिला, तो मागे येऊन दिला. शेवटच्या 'ई'च्या डोक्यावरचा फाटा चढला तशी गाडीतून टाळ्या पडल्या. गाडी नऊ मिनिटं उशिरा सुटली आणि एकाही प्रवाशाने कुरकुर केली नाही.

मग जो धडाका सुरू झाला तो काही विचारू नका. संघमित्रा दर थांब्याला फोटो उंच धरायची आणि आता गाडीलाच त्याचं वेड लागलं. सोनगीरच्या फाट्यावर दोन जावा सापडल्या. घरच्या कोणालाही न सांगता त्या धुळ्याला पिक्चर बघायला गेल्या होत्या आणि येताना एकाच कागदातले शेंगदाणे खात होत्या, त्या वेळचे दोघींचे दोन वेगळे फोटो. धाकटीने बिनधास्त सही केली. थोरली आता सुरतेला राहत होती. तिला व्हिडिओ कॉल लावला. ती तिकडे साडीच्या दुकानात उभी होती, तिने दुकानातल्या चौघींना मोबाईल दाखवला आणि ओरडून सांगितलं, "लावा! आता सासूबाईंना कळलं तरी त्या तिकडं अन् मी इकडं!"

उभ्या गाडीच्या खिडकीबाहेर हात काढून पांढरा ॲप्रन वाळवत बसलेली पोरगी होती सोनगीरचीच, अनवरी. तेव्हा ती नर्सिंगला होती. आता कळलं, की ती जळगावला नोकरीला लागलीय. सुट्टीच्या दिवशी संघमित्रा जळगावच्या गाडीत बसली, या वेळी स्वतः तिकीट काढून, स्वतः खिडकीत. एरंडोल येईपर्यंत तिला सुचेना की हातांचं काय करायचं. दवाखान्याच्या दारात अनवरी धावत आली आणि मिठीच मारली. "ताई, त्या दिवशी माझी परीक्षा होती! ॲप्रन ओला होता आणि सर आत घेणार नाहीत म्हणून रडायला येत होतं. तुम्ही म्हणालात, खिडकीबाहेर धर, देवभान्यापर्यंत वाळेल. वाळला होता!"

नवव्या दिवसापर्यंत तेवीस सह्या झाल्या. एका मुलीच्या आईने आधी नाही म्हटलं, मग मुलीने तिला समजावलं. एक ताईबाई नावाची आजी मागच्या पावसाळ्यात वारली होती. तिच्या मुलाने सही दिली आणि फोटोची एक प्रत मागून घेतली, कारण घरात तिचा आधार कार्डावरचा सोडून दुसरा फोटोच नव्हता.

राहिली फक्त एक. आणि तीच सगळ्यांत महत्त्वाची. पुण्याच्या बाईंनी तोच फोटो निमंत्रणावर छापायला घेतला होता. नरडाण्याला उभ्या गाडीत, संध्याकाळच्या तिरप्या उन्हात, कंपनीतून सुटलेली एक तिशीतली बाई खिडकीला डोकं टेकून गाढ झोपली होती. गळ्यात कंपनीचं ओळखपत्र, मांडीवर डबा, पायातल्या चपला काढून बाकाखाली ठेवलेल्या. रहीमभाईंनी तो फोटो पाहून झाल्यावर पुन्हा मागून घेऊन पाहिला होता.

तो फोटो बुद्धभूषण पाळी सुटताना कंपन्यांच्या दारांवर दाखवत फिरला. दहाव्या दिवशी त्याचा फोन आला. "सापडली! आमच्या मागच्याच कंपनीत आहे. वैजंता नाव. उद्या तुझ्याच गाडीला येतेय."

वैजंता आली, बाकावर बसली, फोटो हातात घेतला आणि तिचा चेहरा उतरला.

"हा कधी काढला?"

"मागच्या वर्षी. तुम्ही झोपला होतात. उठल्यावर विचारणार होते, पण तुमचा थांबा आला आणि तुम्ही घाईत उतरून गेलात. नंतर गाठच पडली नाही."

"मला विचारलं नाही म्हणजे."

"नाही," संघमित्रा म्हणाली. चोवीसांपैकी तेवीस वेळा तिने विचारलं होतं. हा एकच असा होता, आणि हाच सगळ्यांना आवडला होता.

"चांगला आहे फोटो," वैजंता म्हणाली. "पण असा नको, ताई. रस्त्यावरच्या माणसांनी मला झोपेत बघायचं म्हणजे कसंतरीच वाटतं. तुम्ही विचारलं असतं ना, तर मी उठून बसले असते."

गाडी सुटायला दहा मिनिटं होती. संघमित्राला वाटलं, समजावून बघावं, पुण्याचं नाव सांगावं, निमंत्रण छापायला गेलंय म्हणावं. तिने यातलं काहीच केलं नाही. फोटो पिशवीत ठेवला आणि विचारलं, "मग आता काढू? जागी असताना?"

वैजंताने तिच्याकडे बघितलं. मग ओळखपत्र छातीवर सरळ केलं, केस कानामागे घेतले, डबा बाकावर ठेवला आणि उठून उभी राहिली. "उभी राहूनच काढा. कंपनीत दिवसभर उभीच असते."

रात्री अर्शीने तो फोटो पुण्याला पाठवला तसा लगेच फोन आला. "संघमित्राताई, अहो, हा साधा फोटो आहे. ती सरळ कॅमेऱ्यात बघतेय. पहिला कुठे, हा कुठे! पुन्हा एकदा विनंती करून बघा ना."

"पहिला लागणार नाही, मॅडम. लावायचा तर हा लावा, नाहीतर तेवीस लावा. आणि निमंत्रणावर आमची बेबाबाई टाका."

फोन ठेवून ती बाहेर आली. रहीमभाई दुकानाच्या पायरीवर बसले होते. त्यांनी सगळं ऐकलं होतं. "माझ्या चाळीस वर्षांत मी एवढं कोणाला ऐकवलं नाही," एवढंच ते म्हणाले आणि चहा सांगितला.

प्रदर्शन लागलं त्या सकाळी धुळ्याचा स्टँड जत्रेसारखा फुलला. भिंतीवर एका ओळीत चोवीस फोटो, माणसाएवढे मोठे. लोक गाड्या सोडून तिकडे वळत होते. पांढऱ्या धोतरातला एक म्हातारा गृहस्थ तीनदा ओळीच्या टोकाला जाऊन परत आला. दोघी जावांपैकी धाकटीने सगळ्या गल्लीला आणलं होतं. अनवरी जळगावहून पहाटेच्या गाडीने आली. बेबाबाई तर नऊ वाजल्यापासून स्वतःच्या फोटोशेजारी उभी होती. डोक्यावर पदर नव्हता, आज तो तिने मुद्दामच घेतला नव्हता. कोणी फोटोजवळ आलं की ती विचारायची, "कोन शे सांगा बरं हाई?" आणि लोक फोटोकडे, तिच्याकडे, पुन्हा फोटोकडे बघून हसले की ती त्यांच्याहून मोठ्याने हसायची.

आधारभाऊ आणि कलाबाई सोनगीरहून आले होते. कलाबाई प्रत्येक फोटोसमोर थांबून त्यातल्या बाईला न्याहाळत होती. "बठ्ठ्या खिडकीमा शेत," ती शेवटी म्हणाली. "मी कव्हय खिडकीमा बसनी नही वं. तुन्हा बाप बसे." आधारभाऊंनी हे ऐकलं. परतीच्या गाडीत ते कलाबाईच्या आधी चढले आणि खिडकीच्या जागेवर रुमाल टाकून आत सरकायच्या ऐवजी बाहेरच उभे राहिले, ती येऊन बसेपर्यंत.

संघमित्राला मात्र हे सगळं पोटभर बघायला मिळालं नाही. तिची ड्युटी होती. साडेदहाची गाडी फलाटाला लागली होती, तिकिटाचं मशीन गळ्यात होतं आणि कंट्रोलर साहेब भोंग्यावरून नरडाणा गाडी पुकारत होते. धावत जाऊन तिने एकदा ओळीवरून नजर फिरवली. सगळ्यांत जास्त गर्दी वैजंताच्या फोटोसमोर होती. कंपन्यांत जाणाऱ्या पाच-सहा पोरी तिथे हुबेहूब तशाच, हनुवटी वर करून, ओळखपत्र सरळ करून उभ्या राहत होत्या आणि एकमेकींचे फोटो काढत होत्या.

त्यातच स्वतः वैजंता होती. साप्ताहिक सुट्टी आज घेऊन आली होती. संघमित्राला बघताच तिने बाजूला ओढलं.

"ताई, तो पहिला कुठंय? झोपेतला?"

"अर्शीच्या संगणकात. काढून टाकायला सांगितलंय. तुमच्यासमोरच पुसू."

"पुसा. पण त्याच्या आधी एक मला द्या. लावायला नाही." ती जरा लाजली. "कामावर लागल्यापासून मी घरी सगळ्यांच्या आधी उठते, सगळ्यांच्या नंतर झोपते. मी झोपेत कशी दिसते ते घरात कोणालाच माहीत नाही. मलाही नाही. मला बघायचंय."

संघमित्राने पिशवीत हात घातला. बारा दिवस गावोगाव फिरलेला, कोपरे दुमडलेला तोच फोटो अजून आत होता. तो तिने वैजंताच्या हातात दिला. वैजंताने तो पदराआड धरून पाहिला, पाहतच राहिली, आणि मग अलगद पर्समध्ये सरकवला.

"मॅडम!" अभिमनभाऊंनी ड्रायव्हरच्या खिडकीतून हाक मारली. "सगळ्या खिडक्या भरल्या! येताय की मीच तिकिटं फाडू?"

"आले, आले!" म्हणत ती पळाली.